तुटलेल्या तारेचे देणे

पावसाळा सुरू झाला की वर्तमानपत्रांच्या जिल्हा पानावर एक बातमी जवळजवळ त्याच शब्दांत पुन्हा पुन्हा छापून येते. पिकाला पाणी द्यायला गेलेला शेतकरी, गोठ्याकडे निघालेली बाई किंवा शाळेतून परतणारा मुलगा तुटून पडलेल्या वीजतारेवर पाय पडून दगावतो. शेवटच्या ओळीत नातेवाइकांना मदत जाहीर झाल्याचे असते आणि तिथे प्रकरण मिटले असे सगळेच धरून चालतात. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालांनुसार देशात विजेच्या धक्क्याने दरवर्षी दहा हजारांहून अधिक माणसे अपघाती मरतात. त्यांत घरातली सदोष वायरिंग आणि कारखान्यांतले अपघातही येतात. पण रस्त्यावरच्या आणि शेतातल्या वाहिन्यांनी घेतलेले बळी या आकड्यात आहेतच.

या मृत्यूंकडे पाहण्याची एक दृष्टी आपल्याकडे इतकी रुळली आहे की तिला कोणी मत म्हणत नाही, वस्तुस्थितीच समजतात. वीज ही धोक्याचीच चीज. वादळवाऱ्यात तारा तुटणारच. तारेखाली घर कोणी बांधायला सांगितले होते? वीज कंपनी लोकसेवा करते. प्रत्येक अपघाताची भरपाई तिच्या डोक्यावर घातली तर शेवटी सामान्य ग्राहकाचेच बिल वाढेल. म्हणून कंपनीचा निष्काळजीपणा कोर्टात सिद्ध झाला तर भरपाई द्यावी, एरवी जे हातावर पडते ते सरकारचे औदार्य समजावे. अभियंते असे मानतात, अधिकारी मानतात, वकीलही मानतात, आणि ज्यांच्या घरातला माणूस गेला तेही पुष्कळदा तसेच मानून गप्प बसतात.

हे मत कायद्याला धरून नाही, विद्युतशास्त्राला धरून नाही आणि न्यायबुद्धीलाही धरून नाही, असे मला दाखवायचे आहे. जिवंत तार लोकांच्या डोक्यावरून नेणाऱ्याने त्या तारेने केलेल्या इजेची भरपाई करणे हे त्याचे देणे आहे. चूक कोणाची, हा त्यानंतर विचारायचा प्रश्न आहे.

पहिला युक्तिवाद निसर्गाचा. वादळ आले, झाड पडले, तार तुटली. यात कंपनीचा काय दोष? महाराष्ट्रात पाऊस दर जूनला येतो. वळीव त्याच्याही आधी येतो आणि झाडे वाऱ्याने वाकतात हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. दैवी आपत्ती हा बचाव कायद्यात आहे, पण तो कोणालाही कल्पना करता आली नसती अशा घटनेसाठी आहे. जून २०२० मधले निसर्ग चक्रीवादळ रायगड-रत्नागिरीत जे करून गेले ते असाधारण होते, हे मान्य. पण तिथेही दोन घटना वेगळ्या काढाव्या लागतात. वादळ तार तोडू शकते. तुटून जमिनीवर पडलेल्या तारेत वीज चालू ठेवणे वादळाच्या हातात नसते. माणूस मरतो तो दुसऱ्या घटनेने, आणि ती सर्वस्वी वितरण यंत्रणेच्या ताब्यातली आहे.

तार तुटल्यावर फ्यूज उडून पुरवठा आपोआप बंद होत असेल, असे बहुतेकांना वाटते. नेहमी तसे होत नाही आणि त्याचे कारण साध्या गणितात आहे. गावातल्या डीपीवरचे १०० केव्हीएचे रोहित्र पूर्ण भाराला सुमारे १३३ अँपिअर प्रवाह देते, म्हणून त्याचे फ्यूजही त्या मापाचे असतात. तुटलेली २३० व्होल्टची तार मुरमाड जमिनीवर पडली आणि त्या जागी जमिनीचा रोध १०० ओहम धरला, तर वाहणारा प्रवाह भरतो २.३ अँपिअर. एवढा प्रवाह एखाद्या छोट्या शेगडीलाही लागतो. फ्यूजला त्याची जाणीवही होत नाही आणि तार तासन् तास जिवंत राहते. माणसाचे काय होते? घरात बसवलेला ईएलसीबी ३० मिलिअँपिअरची गळती झाली की पुरवठा तोडतो, कारण त्यापुढे हृदयाला धोका सुरू होतो. फ्यूजच्या लेखी जे नगण्य आहे, ते माणसाच्या लेखी मरण आहे.

अभियंत्यांना हे नवीन नाही आणि कायद्यालाही नाही. १९५६ च्या भारतीय विद्युत नियमांतील ९१ व्या नियमाने स्पष्ट सांगितले होते की रस्त्यावरून किंवा सार्वजनिक जागेवरून जाणाऱ्या उघड्या वाहिनीला, ती तुटल्यास विद्युतदृष्ट्या निरुपद्रवी होईल असे, विद्युत निरीक्षकाने मान्य केलेले साधन बसवलेच पाहिजे. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०१० च्या सुरक्षा विनियमांनी ही अट पुढे चालवली. साधनेही माहितीची आहेत. तारांखाली अर्थिंग केलेले गार्डिंग असेल तर तुटलेली तार आधी त्याला टेकते आणि फ्यूज उडतो. लघुदाब वाहिनीवर स्पेसर लावले की वाऱ्याने तारा एकमेकींवर आपटत नाहीत. उघड्या तारेऐवजी आवरणाची एबी केबल टाकली तर प्रश्नच पुष्कळसा मिटतो. हे सगळे कुठे बसवले जाते, कुठे वगळले जाते आणि कुठे एकदा तुटल्यावर पुन्हा लावले जात नाही. वगळण्याचा निर्णय माणसे घेतात. त्याचा दोष आभाळावर ढकलता येत नाही.

दुसरा युक्तिवाद मृताच्याच माथी दोष मारतो. कोणी तारेखाली घर वाढवले, कोणी आकडा टाकला, कोणी ओल्या हाताने ताणाला धरले. यातील दोन्ही मुख्य बचाव सर्वोच्च न्यायालयापुढे येऊन गेले आहेत. मध्य प्रदेशात ऑगस्ट १९९७ मध्ये एक कामगार रात्री सायकलवरून घरी परतत होता. पावसाने रस्त्यावर पाणी साचले होते आणि त्या पाण्यात जिवंत तार पडलेली होती. विद्युत मंडळाचे म्हणणे असे की एका तिसऱ्याच माणसाने वीजचोरीसाठी ती तार ओढली होती. त्याला मंडळ काय करणार? जानेवारी २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा बचाव फेटाळला. असा धोकादायक पुरवठा करणाऱ्यावर, त्याचा निष्काळजीपणा असो वा नसो, इजेचे दायित्व येतेच, असे न्यायालयाने म्हटले आणि त्याला कठोर दायित्वाच्या तत्त्वाचा आधार दिला.

हे तत्त्व विजेच्याही आधीचे आहे. इंग्लंडमध्ये लँकेशायरच्या एका गिरणीमालकाने आपल्या जमिनीवर पाण्याचा साठा केला. ते पाणी जुन्या बुजलेल्या विवरांतून शेजारच्या कोळसा खाणीत शिरले. मालकाचा स्वतःचा निष्काळजीपणा नव्हता. तरीही १८६८ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने त्यालाच जबाबदार धरले. सुटल्यास इतरांना इजा करील अशी वस्तू जो आपल्या कामासाठी आणून ठेवतो, तो ती आपल्या जोखमीवर ठेवतो, असा हा विचार आहे. त्याला इंग्रजी कायद्याने पुढे काही अपवाद जोडले. दिल्लीच्या श्रीराम कारखान्यातील वायुगळतीनंतर डिसेंबर १९८६ मध्ये सरन्यायाधीश भगवती यांच्या पीठाने अंगभूत धोक्याच्या उद्योगांपुरते ते अपवादही काढून टाकले. समाजासाठी धोका पत्करून जो उद्योग चालवतो त्याने त्या धोक्याची किंमतही सोसावी, ही त्या निकालाची भूमिका आहे.

बेकायदा घराच्या बचावाचे उत्तर २००४ साली हरियाणाच्या प्रकरणात मिळाले. छतावरून गेलेल्या उच्चदाब तारेने एका लहान मुलाचा जीव गेला होता आणि घरेच अनधिकृत असल्याचे मंडळ सांगत होते. न्यायालयाचे उत्तर निःसंदिग्ध होते: तारेजवळ अनधिकृत बांधकाम दिसले तर संबंधित यंत्रणेकडे, गरज पडली तर न्यायालयात, जाऊन ते पाडून घेणे हे मंडळाचे कर्तव्य आहे, तारा लोंबत असतील तर घर अनधिकृत असले तरी योग्य अंतर राखलेच पाहिजे, आणि हातावर हात ठेवून बसल्यास परिणाम मंडळाने भोगावेत. हे अंतरही कोणाच्या मर्जीवर सोडलेले नाही. ११ केव्हीची वाहिनी इमारतीवरून जात असेल तर किमान ३.७ मीटर उंच आणि बाजूने जात असेल तर किमान १.२ मीटर दूर हवी. रस्ता ओलांडताना लघुदाब तार ५.८ आणि उच्चदाब तार ६.१ मीटरवर हवी. घर नंतर उभे राहिले असेल. पण त्या घरालाच नंतर मीटर देऊन दरमहा बिल वसूल करणाऱ्याला ते घर दिसले नाही, असे म्हणता येत नाही.

शेतकऱ्याच्या चुकीविषयी बोलणाऱ्यांनी एवढे तरी ध्यानात घ्यावे की रात्री अकरा वाजता चिखलात अनवाणी उतरायची हौस कोणालाच नसते. शेतीपंपाचा पुरवठा ज्या आठवड्यात रात्रपाळीचा असतो त्या आठवड्यात पिकाला रात्रीच पाणी द्यावे लागते. वेळापत्रक वितरकाचे, तार वितरकाची, देखभाल वितरकाची. या तिन्हींत ज्याचा शब्द चालत नाही तोच तेवढा सावध नव्हता, हे म्हणणे न्यायाचे नाही. खरोखर स्वतःहून आगीत हात घालणाऱ्याचा वाटा कायदा भरपाईतून कमी करू शकतो. तेवढी समज तत्त्वात आहे. मुलांच्या बाबतीत तर तेही लागू होत नाही.

तिसरा युक्तिवाद सरकारच्या वेगळेपणाचा. राज्यकारभार करणाऱ्याला खासगी मालकासारखे कोर्टात खेचता येत नाही, ही समजूत जुनी आहे. पण विजेच्या बाबतीत तिला कधीच पाया नव्हता. १८६१ मध्ये कलकत्त्यात एका जहाज कंपनीने सरकारवर दावा लावला. खिदिरपूरच्या सरकारी गोदीतले कामगार लोखंडाचा तुकडा नेत होते. तो पडल्याच्या आवाजाने कंपनीच्या गाडीचा घोडा बिथरला आणि जखमी झाला. जे काम कोणीही खासगी माणूस करू शकतो ते सरकार करत असेल तर त्यातल्या चुकीला सरकार खासगी माणसासारखेच उत्तरदायी, असे कोर्टाने ठरवून घोड्यापोटी ३५० रुपये देवविले. वीज विकणे हे तसलेच काम आहे. मुंबईत ते आधी खासगी कंपनीच करत होती. महापालिकेने ती १९४७ मध्ये ताब्यात घेतली आणि बेस्ट उभी राहिली. शहराच्या इतर भागांत आजही खासगी कंपन्या वीज देतात. जून २००५ मध्ये महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाचे विभाजन होऊन महावितरण ही कंपनी झाली. गोव्यात मात्र सरकारचे वीज खातेच थेट घरोघर पुरवठा करते. एकाच जातीची तार मुंबईत खासगी, महाराष्ट्रात शासकीय कंपनीची आणि गोव्यात सरकारी खात्याची आहे. ती कोणाच्या मालकीची यावर मृत्यूची किंमत ठरू नये.

खरे तर सरकार असणे इथे दायित्व वाढवते. विद्युत मंडळे घटनेच्या बाराव्या कलमाच्या अर्थाने राज्यसंस्थाच आहेत, हे राजस्थानच्या मंडळाच्या प्रकरणात १९६७ मध्येच ठरले. राज्यसंस्थेकडून जगण्याच्या हक्काचा भंग झाला तर उच्च न्यायालय रिट अधिकारात भरपाई देऊ शकते आणि तिथे सार्वभौमत्वाचा बचाव चालत नाही, हे १९९३ च्या ओडिशातील कोठडीमृत्यूच्या निकालाने पक्के केले.

इथे पूर्वपक्षाच्या हाती एक भक्कम आधार आहे आणि तो लपवणे बरे नाही. ओडिशाच्या ग्रिड कॉर्पोरेशनच्या प्रकरणांत १९९९ आणि २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की तार तुटली आणि माणूस मेला एवढ्यावरून रिटमध्ये भरपाई देता येत नाही. तार का तुटली याविषयी वाद असेल तर पुरावा दिवाणी न्यायालयात घ्यावा. पण या निकालांचा प्रश्न कोणत्या दाराने जायचे हा होता. २००२ चा निकाल दिवाणी दाव्यातूनच वर आला होता, आणि तिथे पुरावा झाल्यावर मंडळाला सुटका मिळाली नाही. शिवाय तार का तुटली हा वाद उभा करणारा पक्ष एकच असतो: ज्याच्याकडे देखभालीची नोंदवही आहे, उपकेंद्रातल्या ट्रिपिंगची नोंद आहे आणि गावकऱ्यांच्या तक्रारींची फाइल आहे तो. जी गोष्ट ज्याच्याच माहितीतली, ती सिद्ध करायचा भार त्याच्यावर, हा साक्षीपुराव्याच्या कायद्याचा नियम आहे. विधवेने रोहित्राची देखभाल शेवटची केव्हा झाली हे सिद्ध करावे, अशी अपेक्षा त्या नियमाला उलटे टांगते.

चौथा युक्तिवाद पैशाचा, आणि सर्वांत प्रभावी तोच ठरतो. भरपाईचा बोजा बिलावर येईल हे खरे मानू आणि हिशेबच करू. महावितरणचे ग्राहक अडीच कोटींहून अधिक आहेत. समजा, एका वर्षात एक हजार कुटुंबांना प्रत्येकी १० लाख रुपये द्यावे लागले. एकूण रक्कम १०० कोटी होते. ती अडीच कोटी ग्राहकांत वाटली तर वर्षाला दरडोई ४० रुपये, म्हणजे महिन्याला साडेतीन रुपयांच्या आत. बोजा म्हणतात तो हा. आज हा बोजा नाहीसा झालेला नाही. तो त्या हजार कुटुंबांवर पडलेला आहे, आणि त्यांतल्या प्रत्येकाच्या वाट्याला येते ती कर्त्या माणसाची उरलेल्या आयुष्याची सगळी कमाई.

उघडी तार आवरणाच्या केबलपेक्षा स्वस्त पडते. त्या स्वस्ताईचा लाभ आपण सर्वजण बिलातून घेतो आणि तिची जोखीम तेवढी खाली चालणाऱ्यावर सोडतो. अपघातांच्या खर्चाचा विचार मांडणारे कायदेपंडित ग्विडो कॅलाब्रेसी यांनी १९७० च्या ग्रंथात दाखवले की अपघाताचा खर्च तो सर्वांत कमी मोलात टाळू शकणाऱ्यावर टाकावा. मग तो टाळण्याची बुद्धी त्याला होते. पायवाटेने जाणारी बाई तार तुटणे टाळू शकत नाही. वितरक गार्डिंग लावू शकतो, फांद्या छाटू शकतो, गंजलेला खांब बदलू शकतो. अपघात जोपर्यंत त्याला फुकट पडतो तोपर्यंत गार्डिंग महागच वाटणार.

जे वाचतात त्यांच्याविषयी तर आपण बोलतच नाही. उच्चदाबाचा प्रवाह शरीरातून जाताना आतल्या स्नायूंना आणि रक्तवाहिन्यांना भाजत जातो. वरून जखम लहान दिसते आणि चार दिवसांनी हात कापावा लागतो. पानिपतमध्ये २०११ साली चार-पाच वर्षांच्या एका मुलाने ११ केव्हीच्या तारेने दोन्ही हात आणि डावा पाय गमावला. वाढत्या मुलाला कृत्रिम अवयव पुन्हा पुन्हा बदलावे लागतात आणि जन्मभर सोबतीला माणूस लागतो. उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी त्याला ६० लाखांची भरपाई दिली. खंडपीठाने ती कमी केली आणि २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एकल न्यायाधीशांचा निर्णय पुन्हा कायम केला. ठरावीक मदतीची रक्कम आणि एका आयुष्याची खरी गरज यांतले अंतर त्या निकालात मोजलेले आहे. पण ती भरपाई त्या एका मुलाला मिळाली, कारण त्याच्यासाठी कोणी दिल्लीपर्यंत लढले.

आता मंडनाकडे. तत्त्व न्यायालयांनी प्रस्थापित केले असताना कायदा का हवा? कारण निकाल लढणाऱ्याला मिळतो आणि बहुतेकांना लढता येत नाही. आज मृताच्या कुटुंबाला १८५५ च्या प्राणांतिक अपघात कायद्याखाली दोन वर्षांच्या आत दिवाणी दावा लावावा लागतो. समोर सरकारी खाते असेल तर त्याआधी दोन महिन्यांची नोटीसही. रस्त्यावरच्या अपघाताला मोटार अपघात दावा न्यायाधिकरण आहे, रेल्वेच्या अपघाताला रेल्वे दावा न्यायाधिकरण आहे. मोटारीने मेलेल्याच्या वारसांना २०१९ च्या सुधारणेने दोष न तपासता ५ लाखांची आणि गंभीर जखमीला अडीच लाखांची तरतूद आहे. रेल्वेच्या अनुचित घटनेत मृत्यूला ८ लाख आहेत. दोन्ही ठिकाणी संसदेने मान्य केले की समाजाच्या सोयीसाठी चालणाऱ्या धोक्याचे बळी दोष सिद्ध करण्याच्या आधी सावरले पाहिजेत. विजेच्या तारेचे बळी या विचारातून वगळण्याला मला एकही कारण सापडत नाही.

म्हणून विद्युत कायद्यात एक प्रकरण वाढवावे. तारेने मृत्यू किंवा गंभीर इजा झाली की ठरलेली रक्कम दोष न पाहता ठरलेल्या मुदतीत द्यावी. त्याहून अधिक नुकसान असेल तर त्याचा दावा जिल्ह्याच्या मोटार अपघात न्यायाधिकरणापुढेच चालावा. इमारत, न्यायाधीश आणि उत्पन्न मोजण्याची रीत तिथे तयार आहे. मूळ रक्कम दरात धरली तरी चालेल. पण आधी तक्रार होऊनही दुरुस्ती केली नाही असे सिद्ध झाले, तर वरची रक्कम ग्राहकाच्या बिलातून वसूल करू देऊ नये. २००३ च्या कायद्याच्या १६१ व्या कलमानुसार अपघाताची चौकशी सरकारला योग्य वाटल्यास होते. ती सक्तीची करावी आणि विद्युत निरीक्षकाचा अहवाल कुटुंबाच्या हाती मागितल्याशिवाय पडावा. निरीक्षक राज्य शासनाचा आणि कंपनीही राज्य शासनाची असताना तो अहवाल बंद फाइलीत ठेवणे योग्य नाही.

सरकारच्या दायित्वाचा कायदा करा, ही शिफारस मोतीलाल सेटलवाड यांच्या अध्यक्षतेखालील विधी आयोगाने १९५६ मध्ये आपल्या पहिल्याच अहवालात केली होती. त्यानंतर १९६५ आणि १९६७ मध्ये विधेयके आली, कायदा झाला नाही. तोवरच्या आणि त्यानंतरच्या निकालांनी तत्त्वाची वाट मोकळी केली आहे. आता उरले आहे ते विधिमंडळाचे आणि संसदेचे काम. वीज हा विषय समवर्ती सूचीतला असल्याने महाराष्ट्र आणि गोवा यांना दिल्लीची वाट पाहत बसण्याचेही कारण नाही. पुढच्या अधिवेशनात आपापल्या आमदाराला हा एकच प्रश्न विचारावा: आपल्या राज्यात मोटारीखाली सापडलेल्या माणसाचे वारस हक्काने मागू शकतात, तर तारेखाली सापडलेल्या माणसाच्या वारसांनी अर्ज घेऊन का उभे राहावे? या प्रश्नाचे समर्थनीय उत्तर कोणाकडे नाही, म्हणून कायदा झालाच पाहिजे.